पराक्रम वर्णमालेचा, हार देवनागरीला

२७ फेब्रुवारी उजाडला की आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तो मजकूर येतोच. यंदा काकांनी सकाळी सातच्या आत टाकला. वर कुसुमाग्रजांचा फोटो, खाली समई, शेवटी ‘मराठी असाल तर पुढे पाठवाल’ ही प्रेमळ धमकी. मजकुराचा गोषवारा असा: देवनागरी ही जगातली सर्वांत जुनी लिपी आणि बाकी सगळ्या लिप्यांची आई, तिच्या अक्षरांचे आकार जिभेच्या हालचालींवरून घेतलेले, ती जशी बोलावी तशी लिहिली जाते, जगातली कुठलीही भाषा तिच्यात जशीच्या तशी उतरते, इंग्रजी, चिनी, अरबी लिप्या तिच्यापुढे अप्रगत, नासानेही ते मान्य केलंय, आणि आपण ही लिपी हजारो वर्षं अखंड जपली आहे.

गंमत म्हणजे त्याच्याखाली आलेले सगळे ‘खूप छान’ इंग्रजी अक्षरांत टाइप केलेले होते.

मी मुद्रितशोधन करते. दिवसभर देवनागरीतच डोकं खुपसून बसलेली असते, तेव्हा तिच्याबद्दल मला राग असायचं काही कारण नाही. पण ग्रुपवर वडीलधाऱ्यांशी वाद घालायचा नाही असा आमच्याकडे अलिखित नियम आहे, म्हणून उत्तर इथे. काका, तुम्हीही वाचाल अशी आशा आहे.

‘सर्वांत जुनी लिपी. वेद हिच्यातच लिहिले गेले आणि जगातल्या सगळ्या लिप्या हिच्यातूनच निघाल्या.’

नागरी वळण साधारण आठव्या ते दहाव्या शतकाच्या दरम्यान आकाराला आलं. त्याआधी गुप्तकाळातली लिपी, तिच्याआधी ब्राह्मी. पुरावा पाहायला लांब जायला नको. अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा भगवानलाल इंद्रजींना १८८२ साली नालासोपाऱ्याला मिळाला, तो ब्राह्मीत आहे. जुन्नरजवळच्या नाणेघाटात सातवाहन राणी नागनिकेचा म्हणून ओळखला जाणारा लेख आहे, तोही ब्राह्मीत, आणि भाषा संस्कृत नव्हे, प्राकृत. ट्रेकला गेलेला माणूस त्या भिंतीपुढे उभा राहतो आणि त्याला त्यातलं एक अक्षर लागत नाही. लागत नाही ते आपल्यालाच असंही नाही. मधल्या काळात देशात कुणालाच ती लिपी वाचता येईनाशी झाली होती. १८३७ साली जेम्स प्रिन्सेप या इंग्रज अभ्यासकाने सांचीच्या छोट्या छोट्या लेखांच्या शेवटी तीच दोन अक्षरं पुन्हा पुन्हा पाहिली, ती ‘दानं’ असावीत असं ताडलं, आणि तिथून कुलूप उघडलं.

ब्राह्मीच्याही आधी जगात लिहिणं होतंच. मेसोपोटेमियात इसवी सनापूर्वी ३२००च्या आसपास मातीच्या विटांवर धान्याचे आणि गुरांचे हिशेब खुणांनी नोंदले जात होते. चीनमध्ये इसवी सनापूर्वी तेराव्या शतकात हाडांवर प्रश्न कोरून देवाला कौल लावत. पुढे मध्य अमेरिकेत माया लोकांची लिपी या कुणाशीही संबंध न येता घडली. ब्राह्मी स्वतः कुठून आली यावर अभ्यासकांत अजून वाद आहे. काहींना तिच्यात पश्चिम आशियातल्या अरामी लिपीची सावली दिसते, काहींना ती इथलीच वाटते. पण देवनागरी ही तिची मुलगीसुद्धा नव्हे, खापरखापरपणती म्हणा हवं तर.

वेदांचं म्हणाल तर ते कित्येक शतकं लिहिलेच गेले नव्हते, हाच त्यांचा पराक्रम आहे. पदपाठ, क्रमपाठ, जटापाठ, घनपाठ ही पाठांतराची सगळी यंत्रणा कशासाठी होती? कागदाविना एक अक्षर इकडचं तिकडे होऊ नये म्हणून. पुण्याच्या भांडारकर संस्थेतली ऋग्वेदाची ३० हस्तलिखितं युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीत आहेत. त्यांतलं जुन्यात जुनं तारीख असलेलं १४६४ सालचं. आणि त्यातलं भूर्जपत्रावरचं एक काश्मिरातून आलेलं आहे, ते शारदा लिपीत. संस्कृत तामिळनाडूत ग्रंथ लिपीत लिहीत, बंगालात बंगालीत, आंध्रात तेलुगूत. संस्कृत म्हणजे देवनागरी हे समीकरण बऱ्याच अंशी छापखान्याने जमवलेलं आहे.

‘क म्हणताना जीभ जशी होते तसाच क काढतात. म्हणून ही जगातली एकमेव शास्त्रीय लिपी.’

ब्राह्मीतला क म्हणजे बेरजेचं चिन्ह, एक उभी रेघ, एक आडवी. तुमची जीभ कधी बेरजेसारखी झाली आहे का काका? ट म्हणजे अर्धवर्तुळ आणि ठ म्हणजे पूर्ण वर्तुळ. ही दोन अक्षरं दोन हजार वर्षांत फारशी बदललीच नाहीत, आपण फक्त त्यांना शिरोरेषेला टांगलं. त्या बेरजेच्या चिन्हापासून आपला क झाला, गुजराती क झाला, बंगाली झाला, कन्नड झाला, आणि चौघांची तोंडं चार दिशांना आहेत. आकार जिभेवरून आला असता तर बेळगावात कन्नड आणि मराठी दोन्ही बोलणाऱ्याला दोन जिभा लागल्या असत्या. अक्षराचं वळण ठरतं ते बोरूच्या कापावरून, ताडपत्रावरच्या टोकदार लेखणीवरून, लिहिणाऱ्याच्या घाईवरून. आमच्या धंद्यात घ आणि ध रोज फसवतात. एक घशाशी उमटतो, दुसरा दातांशी, पण दिसायला सख्खे भाऊ. जुन्या छपाईतला ख तर ‘रव’ वाटायचा, ‘खाना’चा ‘रवाना’ व्हायचा.

उच्चारावरून आकार घेतलेली लिपी जगात आहे, पण ती कोरियाची. राजा सेजोंगने १४४३ साली ती तयार करवली आणि १४४६ साली जाहीर केली. क-ग साठी एक काटकोन, कारण जिभेचा मागचा भाग घशाकडे उचलला जातो. न साठी उलटा काटकोन, कारण जिभेचं टोक वर दाताला टेकतं. म साठी चौकोन, मिटलेलं तोंड. आणि महाप्राण, म्हणजे ह मिसळलेला उच्चार, करायचा असेल तर त्याच आकारात एक रेघ वाढवायची. आपल्याकडे क आणि ख यांच्यात तसलं नातं दिसतं का? प-फ मध्ये थोडं दिसतं, बाकी आनंद. कोरियन लोकांनी त्या आकारांचं स्पष्टीकरण देणारा ग्रंथच लिहून ठेवला होता. त्याची मूळ प्रत १९४० साली सापडली, त्यामुळे हा नंतर जुळवलेला तर्क आहे असंही म्हणता येत नाही.

मग आपल्याकडे शास्त्रीय काय आहे? वर्णमाला. म्हणजे ध्वनींची मांडणी. कंठापासून ओठापर्यंत पाच वर्ग, प्रत्येकात अघोष, महाप्राण, घोष, घोष महाप्राण, शेवटी अनुनासिक. क वर्ग म्हणा आणि प वर्गापर्यंत या, तोंडाच्या आतून बाहेर चालत आल्यासारखं वाटतं. हे काम ‘शिक्षा’ आणि ‘प्रातिशाख्यं’ हे उच्चारशास्त्राचे जुने ग्रंथ रचणाऱ्यांनी कानाने केलं, आणि त्यात अक्षराच्या आकाराचा काही संबंध नव्हता. म्हणून ती मांडणी कानडी पोराची जितकी तितकीच मल्याळी पोराची. थाई, ख्मेर, तिबेटी लिप्यांनीही तीच उचलली.

ती जपानपर्यंत गेली, हा माझा आवडता भाग. बौद्ध भिक्षू मंत्रांसाठी सिद्धम् नावाची भारतीय लिपी शिकत. त्या अभ्यासातून जपानी अक्षरांचा आजचा क्रम लागला: अ इ उ ए ओ, मग क, स, त, न, ह, म, य, र, व. यात न आणि म यांच्या मध्ये ह काय करतोय? तर जुन्या जपानीत तिथे प होता. त, न, प, म. आपल्या तक्त्याची ओळ जशीच्या तशी, उच्चार बदलला तरी जागा बदलली नाही. आणि सिद्धम् हे नाव ‘ॐ नमः सिद्धम्’वरून आलं, ज्याचं मराठीत ‘ओनामा’ झालं. एखाद्या कामाचा ओनामा आपण करतो तेव्हा क्योतोतल्या मठातल्या पाटीशी आपलं नातं असतं. फॉरवर्डला एवढी सुरेख गोष्ट सोडून जिभेचा आकार का सुचावा, हे मला कळत नाही.

‘जसं बोलतो तसंच लिहितो, जसं लिहितो तसंच वाचतो.’

हे खरं असतं तर मला पोटाला दुसरा धंदा शोधावा लागला असता.

‘या जगात जग’ हे वाक्य मोठ्याने म्हणा. पहिल्या ज ला जीभ टाळूला लागते, दुसऱ्याला दातांच्या मुळाशी. लिहिताना दोन्ही ज एकच. ‘चार म्हशींना चारा’ यातले दोन च वेगळे, अक्षर एक. मराठीत च, ज, झ या तिघांचे दोन दोन उच्चार आहेत आणि ते वेगळे दाखवायची सोय आपल्या रोजच्या लिखाणात नाही. मराठी शिकणारी तमिळ किंवा जर्मन माणसं इथेच अडखळतात आणि आपण त्यांना सांगतो, ‘सवयीने येतं.’ हेच उत्तर इंग्रज आपल्याला देतो तेव्हा आपण हसतो.

पुढे अ. आपण ‘राम’ लिहितो आणि ‘राम्’ म्हणतो. ‘आपला’ लिहितो, ‘आप्ला’ म्हणतो. कुठला अ गिळायचा हे अक्षरावर लिहिलेलं नसतं. अनुस्वाराचं एकच टिंब: अंक, पंच, खंड, संत, आंबा. पाच शब्दांत पाच वेगळी अनुनासिकं. आणि ‘संशय’, ‘सिंह’ म्हणताना तर त्या टिंबाचा चक्क व-सारखा काहीतरी होतो. ज्ञ आपण ‘द्न्य’ म्हणतो, हिंदीवाले ‘ग्य’. ऋ चं आपल्याकडे ‘रु’, त्यांच्याकडे ‘रि’. ष आणि श यांत फरक करून बोलणारा माणूस मला या वर्षात भेटलेला नाही; लिहिताना मात्र ‘विशेश’ दिसलं की माझं लाल पेन आपोआप उठतं.

आणि ऱ्हस्वदीर्घ! ‘मूल’ आणि ‘गुण’ म्हणून बघा. ऊ-काराची लांबी सारखीच. पण पहिला दीर्घ लिहायचा कारण शब्द मराठी, दुसरा ऱ्हस्व कारण तो संस्कृतातून आलेला. ‘विहीर’ पण ‘विहिरीत’. ‘शरीर’ मात्र ‘शरीरात’. म्हणजे बरोबर लिहायला नुसता कान पुरत नाही, शब्दाचं गोत्र माहीत असावं लागतं. इंग्रजांचीही तीच तर तऱ्हा आहे. मराठी साहित्य महामंडळाने १९६२ साली १४ नियम दिले, १९७२ साली आणखी चार. त्याआधी ‘नांव’, ‘पांच’, ‘घरांत’ असे उच्चारात नसलेले अनुस्वार आपण पिढ्यान्‌पिढ्या देत होतो. जसं बोलतो तसं लिहीत असतो तर नियम कशाला लागले असते?

क्रमाचंही तेच. ‘किती’ लिहिताना पहिली वेलांटी आधी काढतो आणि उच्चारतो क च्या नंतर. रफार ज्याच्या डोक्यावर बसतो त्याच्या आधी बोलला जातो. लिपीतल्या अडचणी सावरकरांना खटकल्या म्हणून त्यांनी अ ची बाराखडी (इ, ई ऐवजी अि, अी) चालवली, विनोबांना खटकल्या म्हणून त्यांनी लोकनागरी ही सुधारलेली लिपी काढली. दोघांचंही देवनागरीवर प्रेम कमी होतं असं काका नक्कीच म्हणणार नाहीत. एक गोष्ट मात्र मान्य: ‘दर्या’ आणि ‘दऱ्या’, ‘आचार्यांना’ आणि ‘आचाऱ्यांना’ हा फरक मराठीने त्या चंद्रकोरी र ने छान सांभाळलाय. गुरुजी आणि स्वयंपाकी एकाच पंगतीत बसत नाहीत.

‘जगातली कोणतीही भाषा देवनागरीत जशीच्या तशी लिहिता येते.’

आधी मराठीच पूर्ण लिहिता येत नाही, ते वर आलंच. ‘बॅट’ आणि ‘ऑफिस’ लिहायला आपल्याला नवी चिन्हं करावी लागली. इंग्रजीतल्या दोन व साठी मराठीने ‘व्हिडिओ’ आणि ‘वॉच’ अशी वाट काढली, हिंदी ‘वीडियो’ लिहून मोकळी झाली. सिंधी देवनागरीत लिहायची तर ग, ज, ड, ब यांच्याखाली रेघा माराव्या लागतात, कारण श्वास आत ओढून म्हटलेले ते ध्वनी आपल्याकडे नाहीत. चिनी भाषेत सुराची पट्टी बदलली की शब्द बदलतो, झुलू भाषेत जिभेचे टचकारे हीच व्यंजनं आहेत. प्रत्येक लिपी एखाद्या भाषेच्या अंगावर बेतलेली असते, आणि दुसरीच्या अंगावर घालायची तर शिंप्याकडे जावंच लागतं.

‘इंग्रजीत बट आणि पुटचा गोंधळ, चिनी लोक चित्रं काढतात, अरबीत स्वरच नाहीत.’

बट आणि पुटमध्ये रोमन लिपीचा दोष नाही, इंग्रजी स्पेलिंगचा आहे. कॅक्स्टनने १४७६ साली इंग्लंडात छापखाना काढला आणि स्पेलिंग गोठायला लागलं, पण उच्चार त्यानंतरही दोन-अडीचशे वर्षं सरकतच राहिले. ‘नाइट’ या योद्ध्याच्या नावातला सुरुवातीचा क एके काळी खरंच बोलत असत. तीच रोमन लिपी फिनिश भाषेत जवळजवळ एका अक्षराला एक ध्वनी अशी चालते. तुर्कांनी १९२८ साली ती घेतली तेव्हा २९ अक्षरांत उच्चाराबरहुकूम बसवली. मराठीसुद्धा तिच्यात नांदली आहे: फादर स्टीफन्सचं ख्रिस्तपुराण १६१६ साली गोव्यात राचोलला छापलं ते रोमन अक्षरांत, आणि त्याची मराठी ओवी आजही कानाला गोड लागते. कोकणी तर देवनागरी, रोमी, कानडी, मल्याळी आणि अरबी अशा पाच लिप्यांत लिहिली गेलेली भाषा आहे. लिपी म्हणजे भाषा नव्हे हे गोव्यात कुणाला वेगळं सांगावं लागत नाही, भांडण मात्र त्यावरच होतं.

चिनी लिपीतली बहुसंख्य अक्षरं चित्रं नाहीत. त्यांची घडण अशी: एका बाजूला अर्थाची खूण, दुसऱ्या बाजूला उच्चाराची. ‘छिंग’ असा उच्चार सुचवणारं एक अक्षर आहे. त्याला पाण्याची खूण जोडली की ‘स्वच्छ’, सूर्याची जोडली की ‘निरभ्र’, हृदयाची जोडली की ‘भावना’, बोलण्याची जोडली की ‘विनंती’. चारही शब्द छिंगच, फक्त सुरात थोडा फरक. आई म्हणजे ‘मा’. तिच्या अक्षरात डावीकडे स्त्री आणि उजवीकडे घोडा, कारण घोड्यालाही ‘मा’ म्हणतात. चित्र म्हणून वाचाल तर सासूबाईंची आठवण येईल, ध्वनी म्हणून वाचाल तर सरळ आहे. आणि फोनवर ते लोक रोमन अक्षरांत उच्चार टाइप करून यादीतून अक्षर निवडतात, आपल्यापैकी बरेच जण मराठी टाइप करतात अगदी तसंच.

अरबीत स्वर आहेत, लिहिताना ऱ्हस्व स्वर बहुधा वगळतात इतकंच. कारण त्या भाषेत शब्दाचा सांगाडा व्यंजनांचा असतो. क-त-ब म्हणजे लिहिण्याशी संबंधित काहीतरी: किताब, कातिब, मकतब. वाचणाऱ्याला मधले स्वर वाक्यावरून कळतात, जसं तुम्हाला ‘राम’मधला शेवटचा अ गिळायचा हे कळतं. कुराणात आणि मुलांच्या पुस्तकांत तेच स्वर खुणांनी पूर्ण दाखवतात.

‘नासाने मान्य केलंय.’

१९८५ साली रिक ब्रिग्ज या संशोधकाने ‘एआय मॅगझिन’मध्ये एक लेख लिहिला होता. तो नासाच्या एम्स केंद्रातल्या एका संस्थेत काम करत होता. लेखाचा विषय होता संस्कृत वैयाकरणांची वाक्याचं विश्लेषण करण्याची पद्धत. लिपीशी त्याचा संबंध नाही आणि तो नासाचा निर्णयही नव्हता. संगणकाला देवनागरीचं विशेष प्रेम असतं तर एका एसएमएसमध्ये रोमन अक्षरं १६० आणि देवनागरी ७० असा हिशेब नसता, आणि जुन्या फॉन्टमधला मजकूर युनिकोडमध्ये आणताना ‘स्थिती’च्या वेलांट्या वेचत मी रात्री जागवल्या नसत्या.

‘हजारो वर्षं आपण ही लिपी अखंड जपली.’

आपल्या पणजोबांच्या पिढीत तिला सर्रास बाळबोध म्हणत. पोथी बाळबोधीत, व्यवहार मोडीत. शिवकाळातली पत्रं मोडीत, पुण्याचं पेशवे दफ्तर मोडीत, तंजावरच्या सरस्वती महालातल्या मराठी दफ्तराचे गठ्ठे मोडीत. लेखणी फारशी न उचलता झरझर लिहायची लिपी ती. तिच्यात ऱ्हस्वदीर्घाचा भेदच पाळत नसत, आणि तरी राज्यं चालली, वसुली झाली, तह झाले. (हे वाक्य मी माझ्या धंद्याच्या हिताविरुद्ध लिहिते आहे.) विल्यम कॅरी या मिशनऱ्याने १८१० साली बंगालात सेरामपूरला मराठी कोश छापला तोसुद्धा मोडीचे खिळे पाडून. पुढे छापखान्याला बाळबोध सोयीची ठरली, सरकारी कामातून मोडी गेली, स्वातंत्र्यानंतर शाळेतूनही गेली. म्हणजे जी लिपी मराठी माणसाच्या हाताला सर्वांत सवयीची होती, तीच आपण जपली नाही.

काका, तीन वर्षांपूर्वी तुम्हीच त्याच ग्रुपवर आजोबांच्या ट्रंकेत सापडलेल्या एका कागदाचा फोटो टाकला होता. ‘कुणाला वाचता येतं का?’ असं विचारलं होतंत. कुणीच उत्तर दिलं नव्हतं, मीही नाही. काल तो फोटो शोधून काढला आणि मोडीचा तक्ता शेजारी ठेवून बसले. डोक्यावरचा ‘श्री’ लागला. दुसऱ्या ओळीत ‘जमीन’ असावं असं वाटतंय, की ‘जामीन’, ते अजून ठरत नाही. तिसऱ्या ओळीवर घडी पडली आहे. ती उलगडून, उन्हात धरून पुन्हा एक फोटो पाठवाल का?